मागच्या चाकाचा ब्रेक : घरी काय करावे, काय करू नये

घरची गाडी

गाडी पसंत करताना घरात बरीच चर्चा होते. रंग कोणता, लिटरमागे किती किलोमीटर पळेल, मागे तीन माणसे नीट बसतील का, डिकीत किती सामान मावेल, हे सगळे विचारून होते. ती थांबते कशी, हे मात्र सहसा कोणी विचारत नाही. पेडलवर पाय ठेवला की गाडी थांबते, एवढे आपल्याला पुरते. त्यातही मागच्या चाकांच्या ब्रेककडे तर आपले लक्ष अजिबात जात नाही.

वास्तविक मागचा ब्रेक दोन कामे करतो. चालत्या गाडीला सरळ रेषेत थांबवायला तो पुढच्या ब्रेकला साथ देतो आणि उभ्या गाडीला जागेवर धरून ठेवतो. हॅन्डब्रेक आपण ओढतो तो जवळजवळ सर्वच मोटारींत मागच्या दोन चाकांवर लागतो. उतारावर गाडी उभी करून आपण नारळपाणी घ्यायला उतरतो आणि मुले आत बसलेली असतात, तेव्हा त्यांचा भरवसा या दोन चाकांवरच असतो.

हल्ली ब्रेकचे सुटे भाग घरपोच मिळतात. त्यामुळे ‘चार नट सोडायचे आणि पॅड बदलायचे, त्यासाठी गॅरेज कशाला?’ असे म्हणणारे हौशी गृहस्थ बरेच भेटतात. त्यांचे म्हणणे अगदीच चूक नाही. पण पुढच्या चाकाला जे लागू पडते ते मागच्या चाकाला पडेलच असे नाही. म्हणून मागचा ब्रेक घरी तपासायचा कसा, बदलायचा कसा आणि कुठे हात आवरायचा, हे या वेळी पाहू.

बी. टी. रोडचा धडा

पश्चिम बंगालमधील बराकपूर हे देशातल्या सर्वांत जुन्या लष्करी छावण्यांपैकी एक. २९ मार्च १८५७ रोजी मंगल पांडे यांनी बंड पुकारले ते इथेच. आजही तिथे लष्कराची छावणी आणि हवाई दलाचे केंद्र आहे. अशा ठिकाणी बदली झालेले मराठी कुटुंब बरोबर गाडी नेते किंवा तिथे जुनी गाडी घेते आणि पहिल्याच आठवड्यात त्याची बी. टी. रोडशी ओळख होते.

बराकपूरहून निघणारा हा रस्ता टीटागड, खडदह, सोदपूर, कमरहाटी, बेलघरिया करत कोलकात्यात श्यामबाजारला पोचतो. रस्ता सपाट आहे, घाट नाही, चढउतार नाही. मग ब्रेकला त्रास कसला, असे पुणे-साताऱ्याच्या माणसाला वाटेल. पण या रस्त्यावर बस, रिक्षा, मालाचे ट्रक, सायकली आणि रस्ता ओलांडणारी माणसे यांची एवढी दाटी असते की पाय सतत ॲक्सिलरेटरवरून ब्रेकवर जात राहतो. घाटात ब्रेक तापून दमतो, तर इथे तो शेकडो वेळा थोडाथोडा झिजतो. त्यात हुगळीकाठची दमट हवा आणि जून ते सप्टेंबरचा पाऊस. लोखंडी भागांवर गंज चढतो आणि जे भाग सरकायला हवेत ते अडकून बसतात. म्हणून तिथे ब्रेक झिजलेला आहे की नाही एवढेच पाहून भागत नाही, तो मोकळा हलतो आहे की नाही हेही पाहावे लागते. कोकणात किंवा मुंबईत राहणाऱ्यांनाही हे तितकेच लागू आहे.

या भागाचे आणि मोटारीचे नाते जुने आहे. नदीच्या पलीकडच्या काठावर, उत्तरपाड्याजवळ हिंदुस्थान मोटर्सचा कारखाना होता. मॉरिस ऑक्सफर्ड या इंग्रजी गाडीच्या आराखड्यावरून तिथे १९५७ पासून ॲम्बॅसॅडर तयार होऊ लागली आणि मे २०१४ मध्ये तिचे उत्पादन थांबले. तिथल्या रेल्वे स्थानकाचे नाव आजही हिंद मोटर असेच आहे. सुरुवातीच्या ॲम्बॅसॅडरला चारही चाकांना ड्रम ब्रेक होते. ब्रेक दुरुस्त करणे म्हणजे ड्रम काढणे, शू उतरवणे आणि नवा लायनर रिव्हेट ठोकून बसवणे, हे कोलकात्याच्या मिस्त्रींच्या दोन पिढ्यांना पाठ झाले ते या गाडीमुळे. ‘मागचे पॅड बदलायचे आहेत’ असे अशा जुन्या मिस्त्रीला सांगितले तर तो आधी विचारील, ‘मागे पॅड आहेत का?’ आणि त्याचा प्रश्न अगदी रास्त असेल.

पॅड की लायनर?

आपल्याकडच्या बहुतेक कौटुंबिक मोटारींच्या मागच्या चाकांना पॅड नसतातच. मारुती ८०० असो, सँट्रो असो, आल्टो, वॅगन आर किंवा बलेनो असो, पुढे डिस्क आणि मागे ड्रम अशीच रचना आढळते. मागेही डिस्क असलेल्या गाड्या पूर्वी महागड्या वर्गातच असत. २००१ मध्ये भारतात आलेली स्कोडा ऑक्टेव्हिया हे त्यातले एक उदाहरण. अलीकडे २०२२ च्या ग्रँड व्हिटारासारख्या गाड्यांमुळे मागची डिस्क मध्यमवर्गीय घरांतही आली आहे. एकाच गाडीच्या स्वस्त प्रकारात मागे ड्रम आणि महाग प्रकारात डिस्क, असेही असते. म्हणून शेजाऱ्याच्या गाडीवरून आपल्या गाडीचा अंदाज बांधू नये.

ओळखणे सोपे आहे. मागच्या चाकाच्या आऱ्यांमधून आत पाहा. चकचकीत सपाट तबकडी आणि तिला एका बाजूने धरून बसलेला धातूचा चिमटा दिसला तर ती डिस्क. त्या चिमट्याला कॅलिपर म्हणतात आणि त्याच्या आत तबकडीच्या दोन्ही बाजूंना दोन पॅड असतात. त्याऐवजी उपड्या पातेल्यासारखा बंद लोखंडी भाग दिसला तर तो ड्रम. त्याच्या आत चंद्रकोरीच्या आकाराचे दोन शू असतात आणि शूवर लायनर चिकटवलेला किंवा रिव्हेटने बसवलेला असतो. पेडल दाबले की हे शू बाहेर फाकून ड्रमला आतून घासतात.

डिस्क उघडी असते, म्हणून ती लवकर थंड होते आणि पाणी उडाले तरी पटकन वाळते. ड्रम बंद असतो, त्यामुळे आत झिजलेली भुकटी साठते आणि उष्णता कोंडते. पण तो स्वस्त पडतो, हॅन्डब्रेक त्यात सहज बसवता येतो आणि मागच्या चाकांना काम कमी असल्यामुळे तो तिथे पुरतो.

थांबणे म्हणजे तापणे

मागच्या चाकांना काम कमी का, हे समजण्यासाठी थोडे शास्त्र पाहू. ब्रेक गाडीची गती नाहीशी करत नाही, तिचे उष्णतेत रूपांतर करतो. माणसांसह १,००० किलो वजनाची छोटी गाडी ताशी ६० किलोमीटर वेगात असताना थांबवली तर ब्रेकमध्ये जी उष्णता तयार होते तिच्यात सुमारे साडेचारशे मिलिलिटर पाणी उकळेल. म्हणजे घरातल्या चौघांचा चहा झाला! वेग दुप्पट झाला की उष्णता दुप्पट होत नाही, चौपट होते. हीच गाडी खंडाळ्याच्या घाटातून सुमारे ५०० मीटर खाली केवळ ब्रेकच्या जोरावर उतरवली तर पंधरा लिटर, म्हणजे मोठी कळशीभर पाणी उकळेल इतकी उष्णता ब्रेकला सोसावी लागेल. म्हणूनच जाणकार मंडळी घाटात खालचा गिअर टाकून इंजिनाच्या ओढीने गाडी आवरतात.

ब्रेक लावला की आपण पुढे झुकतो, तसा गाडीचा भारही पुढच्या चाकांवर जातो. मागची चाके हलकी होतात. त्यांना पुढच्याइतकाच जोरात ब्रेक लागला तर ती घसरतील आणि गाडी गर्रकन फिरेल. म्हणून रचनाच अशी असते की मोठा वाटा पुढचे ब्रेक उचलतात. याचा व्यवहारातला अर्थ असा की पुढचे पॅड दोनदा बदलून होतात तरी मागचा लायनर पुष्कळदा शाबूत असतो. त्यामुळेच मागचा ड्रम वर्षानुवर्षे कोणी उघडत नाही आणि आत काय चालले आहे ते कळत नाही. ज्या गाड्यांत संगणक पुढच्या-मागच्या ब्रेकचे वाटप करतो, त्यांत मागचे पॅड पुढच्यांइतकेच, कधी त्यांच्या आधीही झिजू शकतात. तिथे ‘मागचे काय, बराच काळ चालतात’ या समजुतीत राहू नये.

तपासणी प्रत्येकाने करावी

पॅड बदलणे सर्वांना जमेल असे नाही, पण तपासणी घरातल्या कोणालाही जमते. गाडी चालवणाऱ्या गृहिणीने आणि नुकताच परवाना मिळालेल्या मुलाने-मुलीनेही ती शिकून घ्यावी. महिन्यातून एकदा पुढील गोष्टी पाहाव्यात.

ब्रेक ऑइलची पातळी : बॉनेट उघडले की अर्धपारदर्शक डबी दिसते. तिच्यावर वरची आणि खालची अशा दोन खुणा असतात. पॅड झिजतात तशी पातळी हळूहळू उतरते. पातळी घटली की तेल भरून मोकळे होऊ नये. आधी पॅड आणि लायनर पाहावेत. ते ठीक असतील तर कुठेतरी गळती आहे असे समजून गाडी मिस्त्रीला दाखवावी.

हॅन्डब्रेकच्या ‘टक्‌टक्’ : लिव्हर ओढताना किती टकटक होतात ते मोजावे. किती असाव्यात हे गाडीच्या पुस्तिकेत दिलेले असते. पूर्वीपेक्षा लिव्हर बराच वर येऊ लागला तर लायनर झिजला आहे किंवा केबल सैल झाली आहे.

आवाज : पॅडला पुष्कळदा पत्र्याची एक छोटी जीभ असते. पॅड संपत आले की ती तबकडीला घासून बारीक किरकिर करते. ही सूचना आहे. किरकिरीची जागा जाड खरखरीने घेतली तर धातूवर धातू घासतो आहे, त्या दिवसापासून गाडी चालवू नये. पावसात रात्रभर उभ्या राहिलेल्या गाडीचा पहिल्या दोन-तीन ब्रेकचा खरखराट मात्र तबकडीवरच्या गंजाचा असतो, त्याने घाबरायचे कारण नाही.

उष्णता : साधा प्रवास करून आल्यावर चारही चाकांजवळ हात न लावता नुसता तळवा धरावा. एकच चाक इतरांपेक्षा फार तापले असेल किंवा जळका वास येत असेल, तर तिथला ब्रेक सुटत नाही.

पॅडची जाडी : डिस्क असेल तर टॉर्च लावून कॅलिपरच्या फटीतून पॅड दिसतो. नवा पॅड साधारण १० ते १२ मिलिमीटर जाड असतो. तो ३ मिलिमीटरवर आला की बदलावा. आतल्या बाजूचा पॅडही पाहावा, कारण कॅलिपर अडकला असेल तर बाहेरचा पॅड चांगला दिसतो आणि आतला संपलेला असतो. ड्रममध्ये असे बाहेरून पाहता येत नाही. म्हणून सर्व्हिसिंगच्या वेळी मागचे ड्रम उघडून लायनर दाखवायला आवर्जून सांगावे.

चाक उचलण्यापूर्वी

ब्रेकच्या कामात पहिला धोका ब्रेकचा नसून जॅकचा असतो. गाडीबरोबर मिळणारा जॅक फक्त स्टेपनी बदलण्यापुरता असतो. त्याच्या भरवशावर गाडीखाली हात किंवा डोके घालू नये. जॅकने उचललेली गाडी मजबूत लोखंडी स्टँडवर, म्हणजे गॅरेजवाले ज्याला घोडी म्हणतात तिच्यावर टेकवावी. विटांचा ढीग मुळीच चालणार नाही, वीट भाराखाली एकदम फुटते. काढलेले चाक गाडीच्या कडेखाली आडवे सारून ठेवावे. चुकून गाडी घसरली तरी ती चाकावर टेकेल.

जमीन पक्की आणि सपाट हवी. बराकपूरसारख्या नदीकाठच्या गाळाच्या जमिनीवर पावसाळ्यात मातीच्या अंगणात हे काम करूच नये.

मागची चाके उचलताना आणखी एक गोष्ट लक्षात घ्यावी. हॅन्डब्रेक मागच्याच चाकांना असतो, त्यामुळे ती उचलल्यावर त्याचा उपयोग राहत नाही. शिवाय कामासाठी तो सोडावाच लागतो. पुढच्या चाकांना इंजिनाची ताकद मिळणारी गाडी असेल तर गिअरमध्ये ठेवल्याने पुढची चाके धरली जातात. पण ॲम्बॅसॅडर किंवा बोलेरोसारखी मागच्या चाकांनी ढकलली जाणारी गाडी असेल तर गिअरचाही उपयोग नाही. म्हणून गाडी कोणतीही असो, पुढच्या दोन्ही चाकांना पुढून आणि मागून लाकडी ठोकळे लावल्याशिवाय जॅकला हात घालू नये. मुलांना आसपास फिरकू देऊ नये.

मागचे पॅड बदलताना

चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच थोडे सैल करावेत, मग गाडी उचलून चाक काढावे. एका वेळी एकच बाजू उघडावी, म्हणजे काही विसरले तर दुसरी बाजू पाहता येते. उघडण्यापूर्वी मोबाइलने दोन-तीन फोटो काढून ठेवावेत.

कॅलिपरचे बोल्ट सोडून तो वर उचलला की पॅड निघतात. कॅलिपर नळीवर लोंबकळत ठेवू नये. तारेने किंवा दोरीने स्प्रिंगला बांधून ठेवावा. नळीला आतून चीर गेली तर ती बाहेरून दिसत नाही आणि नको त्या वेळी दगा देते. तबकडीवर खोल चरे आहेत का ते पाहावे. तिची किमान जाडी तिच्यावरच कोरलेली असते. त्यापेक्षा पातळ झाली असेल तर नव्या पॅडबरोबर तबकडीही नवी घ्यावी.

आता खरी गोम येते. नवे पॅड जाड असतात, म्हणून कॅलिपरमधला पिस्टन आत सारावा लागतो. पुढच्या चाकाचा पिस्टन सरळ दाबला की आत जातो. मागच्या चाकात मात्र हॅन्डब्रेकची यंत्रणा पुष्कळदा याच पिस्टनमध्ये आट्यांनी बसवलेली असते. तो दाबत दाबत फिरवावा लागतो. त्यासाठी वेगळे हत्यार मिळते. हे ठाऊक नसलेला हौशी माणूस मोठ्या पकडीने पिस्टन जोरात दाबतो. पिस्टन आत जात नाही, आतल्या आट्या मात्र मोडतात आणि पॅडच्या पैशांत भागणारे काम नव्या कॅलिपरवर जाते. पिस्टनच्या तोंडावर खाचा दिसल्या तर तो फिरवायचा आहे असे समजावे. शेवटी त्या खाचा पॅडच्या पाठीवरच्या उंचवट्याशी जुळल्या पाहिजेत.

ज्या गाड्यांत हॅन्डब्रेकचा लिव्हर नसून नुसते बटण असते, त्यांत मागच्या कॅलिपरवर छोटी विजेची मोटर असते. अशा गाडीत पिस्टन मागे घेण्यासाठी गाडीला आधी दुरुस्तीच्या अवस्थेत न्यावे लागते. त्याची रीत पुस्तिकेत असते किंवा त्यासाठी गॅरेजचे यंत्र लागते. ते नसेल तर हे काम घरी हाती घेऊ नये.

पिस्टन आत जाताना डबीतल्या तेलाची पातळी वर येते, म्हणून अधूनमधून तिकडे लक्ष ठेवावे. ब्रेक ऑइल रंगावर सांडले तर रंग उचलते, लगेच पाण्याने धुऊन टाकावे. कॅलिपर ज्या पिनांवर सरकतो त्या स्वच्छ पुसून त्यांना ब्रेकसाठी मिळणारे खास ग्रीस बोटभर लावावे. दमट हवेत कॅलिपर अडकतात ते बहुधा या पिना सुकल्यामुळे. पॅडच्या घासणाऱ्या बाजूला किंवा तबकडीला मात्र ग्रीसचा थेंबही लागू देऊ नये. आणि पॅड नेहमी डावे-उजवे एकत्रच बदलावेत. एकीकडे नवा आणि एकीकडे जुना असला की गाडी एका बाजूला ओढली जाते.

ड्रम असेल तर?

ड्रमचे लायनर बदलणे हे पॅडपेक्षा कठीण काम आहे. हॅन्डब्रेक सोडूनही ड्रम निघत नसेल तर हातोड्याचे घाव घालू नयेत. पुष्कळ ड्रमना आट्यांची दोन भोके दिलेली असतात. त्यांत योग्य मापाचे बोल्ट आळीपाळीने आवळले की ड्रम आपोआप बाहेर सरकतो.

आतली भुकटी फुंकून किंवा हवेच्या झोताने उडवू नये. जुन्या लायनरांत ॲस्बेस्टॉस असे आणि त्याचे तंतू श्वासातून गेले तर कर्करोग होऊ शकतो. जुन्या गाडीत कोणता लायनर आहे हे पाहून कळत नाही. म्हणून तोंडाला मास्क लावून ओल्या फडक्याने पुसावे, फडके पिशवीत बांधून टाकावे आणि कामाचे कपडे घरच्या कपड्यांत धुऊ नयेत.

शूच्या स्प्रिंगा जोरदार असतात. त्या सुटून डोळ्याला लागू शकतात. कोणती स्प्रिंग कुठे, कोणता शू पुढे आणि कोणता मागे, दोन्हींवरचा लायनर सारख्याच लांबीचा आहे की नाही, हे सगळे लक्षात ठेवावे लागते. झीज भरून काढणारा समायोजक डाव्या आणि उजव्या चाकाचा वेगळा असतो. त्यांची अदलाबदल झाली तर तो उलटा फिरतो. म्हणून आमचा सल्ला असा की ज्याने एकदा तरी मिस्त्रीशेजारी बसून हे काम पाहिले नाही, त्याने ड्रमचे लायनर स्वतः बदलू नयेत. पण मिस्त्री काम करत असताना जवळ उभे राहावे. व्हील सिलिंडरचे रबर उचलून आत ओल आहे का ते दाखवायला सांगावे. तिथे तेल दिसले तर नुसता नवा लायनर बसवून उपयोग नाही. तो चार दिवसांत तेलाने भिजेल आणि ब्रेक लागणार नाही. रिव्हेटचा लायनर असेल तर रिव्हेटचे डोके ड्रमला टेकण्याच्या आतच तो बदलायला हवा.

हात कुठे आवरावा

तेलाची नळी सोडावी लागेल असे काम असेल, पेडल दाबल्यावर स्पंजासारखे मऊ लागत असेल, कॅलिपर किंवा सिलिंडर गळत असेल, पिस्टन फिरत नसेल, तर गाडी तिथेच ठेवून मिस्त्रीला बोलवावे. अर्धवट उघडलेला ब्रेक ‘सावकाश नेतो’ म्हणत गॅरेजपर्यंत चालवत नेणे हा वेडेपणा आहे.

ब्रेक ऑइलबद्दलही एक शब्द. हे तेल हवेतला ओलावा शोषते. ‘डॉट ४’ जातीचे ताजे तेल किमान २३० अंश सेल्सिअसपर्यंत उकळत नाही, पण ओलावा शोषल्यावर ही मर्यादा १५५ अंशांपर्यंत खाली येऊ शकते. मग लांब उतारावर तेलात वाफेचे बुडबुडे होतात आणि पेडल एकाएकी तळाला जाते. म्हणून दर दोन वर्षांनी तेल बदलून घ्यावे. कधीची उघडलेली, अर्धी उरलेली बाटली वापरू नये.

काम संपल्यावर

चाक बसवून गाडी खाली घेतली की नट समोरासमोरचे, एकाआड एक आवळावेत. त्यानंतर सर्वांत महत्त्वाची गोष्ट : इंजिन सुरू करून गाडी हलवण्यापूर्वी पेडल घट्ट लागेपर्यंत अनेक वेळा दाबावे. पिस्टन मागे सारलेला असल्याने पहिल्या दाबाला पेडल रिकामेच जाते. हे न करता गाडी मागे घेतली की समोरची भिंत किंवा फाटक ब्रेकचे काम करते! मग ब्रेक ऑइलची पातळी पाहावी, हॅन्डब्रेकच्या टकटक मोजाव्यात आणि मोकळ्या रस्त्यावर कमी वेगात ब्रेक लावून पाहावा. नवे पॅड तबकडीशी जुळायला वेळ लागतो. पहिले काही दिवस समोरच्या गाडीपासून जास्त अंतर ठेवावे आणि करकचून ब्रेक लावण्याची वेळ येऊ देऊ नये. नवे पॅड घालून दुसऱ्याच दिवशी सहकुटुंब घाटात जाऊ नये.

दूरच्या गावी राहणाऱ्यांसाठी आणखी एक सूचना. गणपतीला किंवा दिवाळीला गीतांजली किंवा आझाद हिंद एक्स्प्रेसने महिनाभर महाराष्ट्रात येताना गाडी बराकपूरच्या दमट हवेत उभी राहते. हॅन्डब्रेक ओढून ठेवला तर लायनर ड्रमला चिकटतो, परतल्यावर चाक जागचे हलत नाही आणि जोर लावला तर लायनर शूवरून उखडतो. त्यापेक्षा सपाट जागी गाडी गिअरमध्ये ठेवावी, चाकांना ठोकळे लावावेत आणि हॅन्डब्रेक सोडून ठेवावा.

ब्रेकचे पॅड आणि लायनर हे गाडीच्या स्वस्त भागांपैकी आहेत. दोन पैसे वाचवण्यासाठी ते घरी बदलावेत असे आम्ही म्हणणार नाही. पण ज्याला आपल्या गाडीच्या मागच्या चाकात काय आहे हे ठाऊक असते, त्याला गॅरेजात कोणी नको ते भाग गळ्यात मारू शकत नाही आणि हवे ते काम टाळूही शकत नाही. येत्या रविवारी टॉर्च घेऊन मुलांसह गाडीमागे बसा आणि आऱ्यांमधून आत पाहा. पॅड आहेत की लायनर, एवढे कळले तरी पहिली तपासणी झाली.